ग्रोक, निनी आणि आपला बागुलबुवा



दिवाळीच्या सुट्टीनंतर आपल्या केंद्रावर एक फोन आला. शनिवारी दुपारी आपण मुलांना गोष्टी सांगतो ना, त्याबद्दल. पलीकडच्या बाई म्हणाल्या, "ताई, राग मानू नका, पण ती परदेशातली भुतं पोरांना कशाला सांगता? आमची धाकटी आता रात्री मोरीकडे एकटी जात नाही. म्हणते, तिथं ग्रोक बसलीय." फोन घेणारी आमच्यातली सगळ्यांत बोलघेवडी. पण तीसुद्धा "हो, हो, बघतो आम्ही" एवढंच म्हणाली आणि फोन ठेवून दिला.

मग आम्ही चौघी चहा घेऊन बसलो आणि तो चहा तसाच गार झाला. तक्रार खोटी नव्हती. पोर घाबरलं असेल तर ते आमच्यामुळेच. पण ग्रोकची गोष्ट आम्ही घाबरवायला सांगितली नव्हती, असं प्रत्येकीला वाटत होतं. मग कशाला सांगितली, तेही एकीला धड सांगता येईना. म्हणून आजचं हे बोलणं. आज मुलांची गोष्ट नाही. आज मुलांच्या आया, आज्या, माम्या, काकवा यांच्याशी बोलायचं आहे. दुपारची भांडी झाली असतील, तर बसा जरा.

ज्यांनी शनिवारचा कार्यक्रम ऐकला नाही त्यांच्यासाठी पहिल्यापासून सांगतो. आमच्यातल्या एकीला रद्दीच्या दुकानात एक इंग्रजी पुस्तक मिळालं. मुखपृष्ठ गेलेलं, पानं पिवळी, पण आत काळ्या शाईची अशी चित्रं की तिनं वजनावर न घेता दहा रुपये जास्त देऊन घेतलं. आमच्या गटातल्या एक बाई निवृत्त शिक्षिका आहेत. त्या वाचत गेल्या, तोंडानं मराठीत सांगत गेल्या, आणि आम्ही तिघी शेंगा फोडायच्या विसरून ऐकत राहिलो. पुढं त्यांच्या भाच्यानं त्याच लेखिकेची आणखी चार-पाच पुस्तकं पाठवली. ती लेखिका म्हणजे तुवे यान्सन.

या बाई फिनलंडच्या. युरोपच्या अगदी उत्तरेला हा देश. हिवाळ्यात दिवस एवढासा, आणि त्या देशाच्या उत्तर टोकाला तर कित्येक आठवडे सूर्य उगवतच नाही. तिथल्या हेलसिंकी शहरात १९१४ साली त्यांचा जन्म झाला. वडील मूर्तिकार, आई चित्रकार. आई मासिकांसाठी चित्रं काढायची, टपालाच्या तिकिटांवरची चित्रं करायची, आणि घरात नेमानं येणारा पैसा तिचाच असायचा. फिनलंडमध्ये स्वीडिश बोलणारे थोडे लोक आहेत, त्यांच्यातलं हे घर. त्यामुळे पुस्तकंही त्यांनी स्वीडिशमध्ये लिहिली.

यान्सनबाई शिकायला स्वीडनमध्ये मामाकडे राहिल्या होत्या. तरणं वय, रात्री भूक लागायची, मग हळूच स्वयंपाकघरात जाऊन फडताळातलं काहीबाही खायच्या. मामाच्या ते लक्षात आलं. तो ओरडला नाही. म्हणाला, "चुलीमागे मूमिनट्रोल राहतात बरं का. मानेवर गार फुंकर मारतात." ट्रोल म्हणजे त्या उत्तरेकडच्या देशांतली जुनी, लोकांच्या तोंडच्या गोष्टींमधली भुताटकीची जमात. (हल्ली मोबाइलवर दुसऱ्याला शिव्या देणाऱ्यांना ट्रोल म्हणतात. ते वेगळे, आणि त्यांच्यापेक्षा चुलीमागचे परवडले.) आपल्याकडे मांजर आलं, बागुलबुवा आला म्हणतात, तसाच हा मामाचा बागुलबुवा.

आता बघा, धाक घालायला सांगितलेल्या त्या भुताचं या मुलीनं पुढं काय केलं. १९३९ च्या हिवाळ्यात रशियानं फिनलंडवर हल्ला केला. हेलसिंकीवर बॉम्ब पडत होते, भाऊ लढाईवर गेलेला. चित्रं काढायला हात उठेना. तेव्हा त्यांनी एक गोष्ट लिहायला घेतली. चुलीमागचा तो मूमिनट्रोल त्यांनी बाहेर काढला, त्याला पाणघोड्यासारखं गोल नाक आणि मऊ पांढरं पोट दिलं, आणि एक आई दिली. गोष्टीत मायलेक हरवलेल्या बापाला शोधत हिंडतात. लढाईत किती घरांत हेच चाललं असेल! लिखाण मध्येच राहिलं, आणि पुस्तक निघालं १९४५ साली. पुढच्या पंचवीस वर्षांत मूमिनच्या गोष्टींची अशी नऊ पुस्तकं झाली. १९६६ मध्ये मुलांच्या लेखनासाठीचा हान्स अँडरसनच्या नावाचा मोठा पुरस्कारही त्यांना मिळाला. आणि लढाईच्या आधीच, १९३८ मध्ये, याच बाईंनी एका मासिकाच्या मुखपृष्ठावर हिटलरला केकसाठी भोकाड पसरणारं पोर म्हणून रंगवलं होतं. भीती कशाची वाटायला हवी आणि कशाची नको, हे त्यांना चांगलं ठाऊक असावं.

मूमिन कुटुंबाचं घर उंच, गोल, जुन्या शेगडीच्या घाटाचं आहे. चुलीमागं राहणाऱ्यांचे वंशज ना! त्या दरीत ते राहतात. कुणीही यावं, राहावं. पाहुणा किती दिवस राहणार, हे विचारायची पद्धत नाही. मूमिनमामा, म्हणजे घरातली आई, पोटाला एप्रन बांधून असते आणि हातात कायम एक पिशवी. त्या पिशवीत कोरडे मोजे, गोळ्या, दोरा, पोटदुखीची पूड, सगळं. आम्ही गोष्टीत तिला "बटवा" म्हटलं आणि मुलांना लगेच कळलं.

पण या दरीत आणि आसपास अशीही काही मंडळी आहेत ज्यांचा अर्थ कुणालाच लागत नाही. त्यातले हॅटिफॅटनर थोडक्यात सांगून टाकतो, कारण आमच्या शिक्षिकाबाईंचा त्यांच्यावर फार जीव. हे पांढरे, लांबोडके, मोज्यासारखे. त्यांना बोलता येत नाही, ऐकू येत नाही. बियांतून उगवतात, होड्यांत बसून समुद्रावर हिंडतात, आणि होडीत त्यांची संख्या कायम विषम. ते वादळ शोधत असतात. मूमिनपापांना वाटतं, यांच्याजवळ काहीतरी मोठं गुपित असणार. घर-संसार सोडून ते त्यांच्या होडीत जाऊन बसतात. (आमच्यातली एक म्हणाली, "पुरुषांना असं मधूनमधून होतं." हे आम्ही मुलांच्या कार्यक्रमात घेतलं नाही.) शेवटी पापांना कळतं, गुपित वगैरे काही नाही. वीज कडाडली की तेवढ्यापुरते ते जिवंत होतात, एरवी त्यांना काही जाणवतच नाही. पापांना त्यांची कीव येते, घराची आठवण येते, आणि ते परत येतात.

आता ग्रोक. जिच्यामुळे मोरीचं प्रकरण झालं ती.

ग्रोक करडी आहे. फार मोठी नाही, नखं नाहीत, शिंगं नाहीत. गोल डोळे, मोठे दात, झग्यासारखं काहीतरी जमिनीवरून फरफटत नेते. मूळ स्वीडिशमध्ये तिचं नाव वेगळं आहे, आणि फिनलंडच्या लोकांच्या फिनिश भाषेत तिला जे नाव मिळालं त्याचा अर्थच मुळी बागुलबुवा. ती काही करत नाही. कुणाला खात नाही, पळवत नाही. येते आणि बसते. ती बसते तिथली जमीन गोठते, आणि त्या जागी पुन्हा काही उगवत नाही. १९४८ च्या पुस्तकात ती पहिल्यांदा दाराशी येते तेव्हा सगळ्या घराची गाळण उडते. दोन छोट्या जिवांच्या पेटीत एक माणिक असतं, ते तिचं असतं. त्यावर चक्क न्यायालय बसतं. अखेर माणकाच्या बदल्यात जादूगाराची टोपी घेऊन ती निघून जाते. इथपर्यंत आपल्या कोणत्याही राक्षसिणीच्या गोष्टीसारखंच. सौदा झाला, पीडा गेली.

पण यान्सनबाईंना काही ती सोडवेना. नऊ वर्षांनी, १९५७ च्या पुस्तकात, ती परत आली. मूमिन हिवाळाभर झोपतात, नोव्हेंबर ते एप्रिल. त्या वर्षी धाकटा मूमिनट्रोल मध्येच जागा होतो आणि त्याला पुन्हा झोप लागत नाही. आई शेजारी झोपलेली, हलवलं तरी उठत नाही. बाहेर बर्फ, जे त्यानं जन्मात पाहिलेलं नाही. त्या ओळखीच्या अंगणात सगळं अनोळखी झालेलं. समुद्राकाठच्या खोलीत टू-टिकी नावाची एक शहाणी, थोडं बोलणारी बाई राहत असते. दिसत नाहीत अशा चिचुंद्र्या तिथं सूप वाढतात. मोरीच्या कपाटाखाली दाट भुवयांचं कुणीतरी राहतं, त्याची भाषा कुणाला येत नाही. टू-टिकी मूमिनट्रोलला समजावते की उन्हाळ्यात ज्यांना जागा नसते, जे लाजरे असतात, विचित्र असतात, ज्यांच्यावर कुणी विश्वास ठेवत नाही, ते सगळे वर्षभर दडून राहतात आणि हिवाळ्यात, सगळं शांत झालं की, बाहेर येतात. हे वाचताना आम्हाला आमच्याच गावातली माणसं दिसायला लागली. दिवसा न दिसणारी. नावं घेत नाही.

तर त्या हिवाळ्यात सगळी मंडळी मोठी होळी पेटवतात, सूर्य परत यावा म्हणून. आणि अंधारातून ग्रोक येते. सरळ होळीपाशी जाते आणि तिच्यावर बसते. चर्र! होळी विझते. मुलं इथं ओरडली, "वाईट आहे ती!" टू-टिकी मूमिनट्रोलला सांगते, ती होळी विझवायला आली नव्हती. ऊब घ्यायला आली होती. पण ती जिथं बसते तिथली ऊब जाते. त्याला ती काय करणार?

यावर शनिवारच्या मुलांत एकदम शांतता पसरली. आणि खरं सांगायचं तर आमच्यातही. आपल्याकडे अक्काबाईचा फेरा म्हणतात. लक्ष्मीची थोरली बहीण, अलक्ष्मी. तिला घरातून झाडून बाहेर काढतात. आम्ही लहानपणापासून हे ऐकलं, आणि बाहेर काढल्यावर ती कुठं जात असेल, असं आम्हाला कधी वाटलंच नाही. यान्सनबाईंना ते वाटलं असणार, कारण आणखी आठ वर्षांनी, १९६५ मध्ये, त्यांनी तिच्या मागे जाऊन बघितलं.

त्या पुस्तकात पापांच्या मनात येतं आणि सगळं घर एका लांबच्या बेटावर दीपगृहात राहायला जातं. ग्रोकला त्यांच्या व्हरांड्यातला कंदील दिसलेला असतो. ती त्या उजेडामागे निघते. होडी नाही काही नाही, ती चालते तसा समुद्रच तिच्या पायाखाली गोठत जातो. बेटावर ती रोज रात्री किनाऱ्याशी येऊन थांबते. मूमिनट्रोल तेव्हा मोठा होऊ लागलेला, आईबापांना काही न सांगणारा. तो रोज रात्री कंदील घेऊन वाळूत जाऊन उभा राहतो. ती कंदिलाकडे बघते. बोलणं काही नाही. वाळू गोठते, त्याचे पाय गारठतात, मग तो परत येतो. दुसऱ्या रात्री पुन्हा.

त्याआधी एकदा त्यानं आईला विचारलेलं असतं की ग्रोक अशी का झाली, तिच्याशी कोण वाईट वागलं? मूमिनमामाच्या म्हणण्याचा अर्थ असा की वाईट कुणी वागलं नाही. कुणी काही केलंच नाही. ना वाईट, ना चांगलं. म्हणून ती तशी झाली असेल. मैत्रिणींनो, आम्ही बायकांच्या प्रश्नांवर इथं खूप बोलतो. मारहाणीवर बोलतो, कायद्यावर बोलतो, मदतीचा नंबर सांगतो. पण कुणी काहीच केलं नाही म्हणून गोठलेली बाई आमच्या कोणत्याच कार्यक्रमात बसत नव्हती. तिची तक्रार लिहायला आमच्या वहीत रकानाच नव्हता.

मग एका रात्री रॉकेल संपतं. मूमिनट्रोल घाबरतो. आता काय न्यायचं तिच्यासाठी? तरी तो जातो, हात हलवत, रिकामा. आणि ग्रोक त्याला बघून आनंदते. कंदील नाही तरीही. तो आला म्हणून. ती गाते, नाचल्यासारखी डोलते. ती गेल्यावर तो वाळूला हात लावून बघतो, तर वाळू गोठलेली नसते.

शिक्षिकाबाईंना इथं आवाज फुटेना. रेकॉर्डिंग थांबवावं लागलं.

याच पुस्तकातली आणखी एक गोष्ट मुलांना सांगताना आम्ही घाईनं उरकली, ती खास तुमच्यासाठी. या बेटावर मूमिनमामाला काही काम नाही. पापांनी सगळं अंगावर घेतलंय, तिनं फक्त सुखात राहायचं. खडकाळ जमिनीत तिचं काही उगवत नाही. ती मग दीपगृहाच्या भिंतीवर रंगानं आपली जुनी बाग काढत बसते. झाडं, फुलं, घराचा व्हरांडा. आणि एक दिवस ती त्या चित्रात शिरते. खरोखर आत जाते. बाहेर सगळे तिला हाका मारतायत, जेवायची वेळ झालीय, आणि ती चित्रातल्या झाडाला टेकून त्यांच्याकडे बघत उभी आहे. आमच्यातल्या एकीनं विचारलं, "मग बाहेर आली का?" आली. मग एके दिवशी तिला आत जावंसं वाटेनासंही होतं. पण ते झाड, ते आम्हाला प्रत्येकीला नीट ओळखू आलं. एकीचं झाड म्हणजे गच्चीवरची पाण्याची टाकी. एकीची दुपारची एसटी, दोन थांब्यांपुरती.

आता निनीकडे येतो. खरं म्हणजे फोन आला नसता तरी हे आम्हाला कधीतरी बोलायचंच होतं.

१९६२ मध्ये यान्सनबाईंचा एक कथासंग्रह आला. त्यातली एक गोष्ट अशी: पावसाळी संध्याकाळ आहे, मूमिन मंडळी व्हरांड्यात अळंबी निवडत बसली आहेत. टू-टिकी येते आणि म्हणते, ही निनी. पण कुणीच दिसत नाही. निनी दिसेनाशी झालेली मुलगी आहे. जिनं तिला सांभाळायला घेतलं त्या बाईला ती आवडत नव्हती. ती बाई मारायची नाही, ओरडायचीही नाही. नुसती गार आवाजात टोचून बोलायची. "वा, वा, काय छान केलंस!" असं, उलट्या अर्थानं, दिवसभर. मुलगी फिकी फिकी होत गेली आणि शेवटी नाहीशी झाली. ती कुठं आहे ते कळावं म्हणून त्या बाईनं तिच्या गळ्यात चांदीची घंटी बांधलेली. तेवढी घंटी हवेत हलते.

मूमिनमामा काय करते? प्रश्न विचारत नाही. तिला वरच्या खोलीत निजवते, सफरचंद आणि गोळ्या उशाशी ठेवते. मग आपल्या आजीची औषधांची वही काढते. माणसं धूसर होऊन दिसेनाशी व्हायला लागली तर काय द्यावं, हेही त्या आजीनं लिहून ठेवलेलं असतं! रात्री बसून ती औषध करते. सकाळी जिन्यावर घंटी वाजते आणि खाली निनीचे पंजे दिसू लागलेले असतात. मामा आपल्या गुलाबी शालीचा तिला झगा शिवते. मग पाय दिसतात, झगा दिसतो. एकदा निनीच्या हातून बरणी फुटते आणि ती घाबरून पुन्हा विरायला लागते. तेव्हा मामा म्हणते, ती बरणी भुंग्यांसाठीच होती.

पण तोंड काही दिसत नाही. हे सगळ्यांत महत्त्वाचं. इतकं प्रेम, इतकी माया, झगा, फीत, औषध, आणि तोंड नाही. ती खेळायला गेली तरी नुसती आज्ञाधारकपणे खेळते, हसत नाही, रागावत नाही. लिटल माय म्हणून एक चिमुरडी, भांडखोर मुलगी त्या घरात असते. ती निनीला फटकारते की तुला भांडता येत नाही तोवर तुला स्वतःचं तोंड मिळायचं नाही. हा उपाय मामाच्या वहीत नव्हता.

आणि एके दिवशी समुद्राच्या धक्क्यावर मूमिनपापा गंमत म्हणून मामाला मागून पाण्यात ढकलायचं नाटक करतात. निनीला ते नाटक वाटत नाही. ती धावत जाते आणि पापांच्या शेपटीला कडकडून चावते. पापा किंचाळतात, त्यांची टोपी पाण्यात पडते. आणि धक्क्यावर उभी असते लाल केसांची, बसक्या नाकाची, संतापलेली मुलगी. अख्खी. दिसणारी.

मुलं टाळ्या पिटून हसली. गोष्ट संपली. आम्ही नेहमीप्रमाणे विचारलं, "काही विचारायचंय?"

शनिवारी येणाऱ्या मुलांत एक मुलगी आहे. नऊ-दहा वर्षांची. शाळेसाठी लांबच्या नातेवाइकांकडे राहते. कार्यक्रमाला वेळेवर येते, शेवटच्या सतरंजीवर बसते, जाताना सतरंजी झटकून घडी घालून ठेवते, कुणी सांगितलं नसताना. आम्ही चौघींनी तिचं कितीदा तरी कौतुक केलेलं. तिच्यासमोर आणि इतर मुलांसमोर. "बघा, शिका जरा. किती गुणी! आहे की नाही कळतसुद्धा नाही."

आहे की नाही कळतसुद्धा नाही. हे आपण मुलींचं कौतुक म्हणून बोलतो. सून पाहायला गेलो तरी बोलतो. आमच्या आयांनी आमच्याबद्दल अभिमानानं हेच सांगितलेलं आहे.

त्या दिवशी त्या मुलीनं हात वर केला. इतका अर्धवट की आम्ही आधी पाहिलाच नाही, शेजारच्या मुलानं दाखवला. ती म्हणाली, "पापांना कशाला चावली? त्यांनी काय केलं होतं? त्या बाईला कुणीच नाही चावलं?"

आमच्याकडे उत्तर नव्हतं. अजूनही नाही. गोष्टीत ती गार आवाजाची बाई परत कुठं येतच नाही. तिला शिक्षा होत नाही, ती माफीही मागत नाही. आमच्यातली एक पटकन म्हणणार होती, "असं मोठ्यांना चावायचं म्हणू नये बाळा." तोंडाशी आलेलं तिनं गिळलं. शिक्षिकाबाई एवढंच म्हणाल्या, "बरोबर विचारलंस. मलाही तेच वाटलं होतं." आणि मुलगी खाली बघून सतरंजीचा दोरा ओढत बसली.

तिच्या घरी काय चाललंय ते आम्हाला माहीत नाही. काही चाललंच असेल असंही नाही, नाहीतर गोष्टीवरून आम्हीच एक गोष्ट रचायच्या. पण आता त्यांच्यातली थोरली तिला सोडायला म्हणून घरापर्यंत जाते, दाराशी दोन शब्द बोलते. कौतुकाचं ते वाक्य आम्ही बंद केलं. तोंडात येतं अजून, सवय आहे. मग एकमेकींकडे बघतो.

तर मोरीवाल्या ताईंना आमचं उत्तर. ताई, तुमची धाकटी घाबरली त्याबद्दल वाईट वाटतं. पण एक सांगतो, ती भीती आम्ही तिच्यात घातली नाही. आपण सगळ्यांनी मिळून ती आधीच घातलेली होती. जेव नाहीतर बागुलबुवा येईल, रडू नको नाहीतर पोलीस नेईल, विहिरीकडे जाऊ नको, तिथं हडळ आहे. विहिरीत पडशील असं सरळ सांगता येतं की. आम्हीही सांगितलं नाही, आमच्या पोरांना हडळच दाखवली. मोरीत बसणारं काहीतरी तिथं होतंच. फक्त आता त्याला एक नाव आहे, आणि ते थंडीनं कुडकुडतंय, इतका फरक झाला.

तिला "काही नसतं तिथं" म्हणून सांगू नका. ती ऐकणार नाही, आणि तिचंही खरं आहे, अंधार असतो की तिथं. आम्ही परत फोन केला तेव्हा तुम्ही म्हणालात, अजून एकटी जात नाही, मला दाराशी उभं राहावं लागतं. राहा उभ्या. मूमिनट्रोलनं तरी वाळूत उभं राहण्याशिवाय दुसरं काय केलं?

येत्या महिन्यात मुलं या गोष्टीचा छोटा श्रुतिकेचा भाग बसवत आहेत, ग्रोक आणि कंदील. कंदिलाचा आवाज कसा काढायचा यावरून गेल्या शनिवारी भांडणं झाली. काच वाजवायची की काडेपेटी ओढायची. मग ग्रोकच्या गाण्यावरून. ग्रोक गाते म्हणजे काय गाते, शब्द असतात का? कुणालाच ग्रोक व्हायचं नव्हतं, कारण तिला बोलायला एकही वाक्य नाही. सगळ्यांना लिटल माय व्हायचं होतं. आम्ही चिठ्ठ्या टाकायला कागद फाडत होतो, तेवढ्यात शेवटच्या सतरंजीवरून आवाज आला, चांगला मोठा, जरा चिडकाच:

"चिठ्ठ्या नकोत. ग्रोक मी होणार. आणि कंदील आणू नका, रॉकेल संपल्यानंतरचंच करायचं."